आकृती हलते, मापं हलत नाहीत: भूमितीतल्या रिजिड मोशनबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ठाण्यात किंवा नवी मुंबईत एकाच सोसायटीत स्टेट बोर्ड, सीबीएसई, आयसीएसई आणि आयजीसीएसई अशा चारही बोर्डांची मुलं सहज सापडतात. संध्याकाळी ती शिकवणीला एकाच बाकावर बसतात. एकीच्या पुस्तकात ‘सममिती’ आणि ‘एकरूपता’ असते, दुसऱ्याच्या पुस्तकात ‘रिफ्लेक्शन’, तिसऱ्याच्या पुस्तकात ‘ट्रान्सफॉर्मेशन्स’. पालकांना वाटतं, हे तीन वेगळे धडे आहेत. माझ्या मते हा एकच धडा आहे, आणि तो एकच आहे हे लक्षात आलं की निम्मं पाठांतर गळून पडतं. वर्गात मुलं आणि दाराशी पालक जे प्रश्न विचारतात त्यांची उत्तरं इथे एकत्र देते आहे.

रिजिड मोशन म्हणजे नेमकं काय?

आकृतीतले कोणतेही दोन बिंदू घ्या. हलवण्याआधी त्यांच्यात जेवढं अंतर होतं तेवढंच हलवल्यावरही राहिलं, आणि हे बिंदूंच्या प्रत्येक जोडीबाबत खरं ठरलं, तर ती हालचाल रिजिड मोशन. व्याख्या एवढीच.

तिच्यात कोनांचा उल्लेख नाही, कारण त्याची गरजच पडत नाही. अ, ब, क हे तीन बिंदू घेतले की एक त्रिकोण होतो. तिन्ही बाजू जशाच्या तशा राहिल्या, तर बाबाबा कसोटीने नवा त्रिकोण जुन्या त्रिकोणाशी एकरूप होतो, म्हणजे कोनही तेच राहतात. सरळ रेषेचंही तसंच. ब हा अ आणि क यांच्या मधे असेल तर अब + बक = अक. तिन्ही अंतरं टिकली की ही बेरीजही टिकते, म्हणून हलवल्यावरही ब मधेच राहतो. अंतर सांभाळलं की कोन, क्षेत्रफळ, समांतरपणा हे सगळं आपोआप सांभाळलं जातं.

आणखी एक गोष्ट. भूमितीत हालचाल म्हणताना मधल्या वाटेचा विचार नसतो. कोणता बिंदू कुठून निघाला आणि कुठे पोहोचला एवढंच पाहायचं. म्हणूनच घड्याळाच्या दिशेने २७०° फिरवणं आणि उलट दिशेने ९०° फिरवणं ही एकच हालचाल धरतात.

अशा हालचाली किती प्रकारच्या असतात?

कागदावर, म्हणजे प्रतलात, चार: सरकवणं, फिरवणं, परावर्तन, आणि सरकवून परावर्तन म्हणजे ग्लाइड रिफ्लेक्शन. काहीच न करणं हीसुद्धा गणितात एक हालचाल धरली जाते. पाचवा प्रकार नाही. ‘आम्हाला अजून शिकवला नसेल’ असं मुलं म्हणतात, पण तसं नाही. पाचवा प्रकार असूच शकत नाही हे सिद्ध करता येतं, आणि ती सिद्धता नववीच्या मुलाला कळेल इतकी सोपी आहे. ती पुढे येईल.

सरकवणं आणि फिरवणं यांत मुलगा गोंधळतो. कसं समजावू?

त्याला ठाणे स्टेशनवर न्या. सीएसएमटीहून आलेली ठाणे लोकल परत निघते तेव्हा ती फिरत नाही. मोटरमन दुसऱ्या टोकाच्या केबिनमध्ये जाऊन बसतो आणि गाडी आली तशी उलट जाते. म्हणून मुंबईच्या टोकाचा लेडीज डबा परतीच्या वेळीही मुंबईच्याच टोकाला असतो. गाडी फक्त सरकली.

आता स्टेशनबाहेर या आणि टीएमटीची बस वळताना पाहा. ती वळून तोंड उलट दिशेला करते, म्हणजे १८०° फिरते. आधी ज्या बाजूच्या फुटपाथकडे दार होतं, आता त्याच्या समोरच्या फुटपाथकडे ते आलं. पण ड्रायव्हरच्या दृष्टीने दार अजूनही डावीकडेच आहे. बस कितीही फिरवली, कुठेही नेली, तरी दार ड्रायव्हरच्या उजव्या हाताला येणार नाही. त्यासाठी बसचं आरशातलं प्रतिबिंबच रस्त्यावर उतरवावं लागेल.

(चौकस मुलगी विचारेल की वळणावर लोकल वाकते, मग ती रिजिड कशी? बरोबर आहे. वळणावर अख्खी गाडी रिजिड राहत नाही, एकेक डबा राहतो.)

परावर्तनाने आकृती बदलते की नाही? मोजलं तर सगळं सारखं येतं, पण बसवायला गेलं तर बसत नाही.

हा प्रश्न मला सगळ्यात आवडतो, कारण त्याचं उत्तर नवी मुंबईतल्या बऱ्याच इमारतींत जिन्याच्या दोन बाजूंना मिळतं. शेजारशेजारचे दोन फ्लॅट एकमेकांचे आरशातले प्लॅन असतात. एकात दारातून शिरल्यावर स्वयंपाकघर डावीकडे, तर दुसऱ्यात उजवीकडे. चटईक्षेत्र तेच, भिंतींची लांबी तीच, खिडक्यांची मापं तीच. भूमितीच्या हिशेबाने दोन्ही फ्लॅट एकरूप आहेत.

तरीही शेजारच्या काकूंनी स्वयंपाकघराच्या कोपऱ्यासाठी बनवून घेतलेलं एल आकाराचं कपाट तुमच्या घरी आणलं, तर ते बसत नाही. लांब बाजू जिथे हवी तिथे आखूड येते. ते फिरवा, सरकवा, काहीही करा. उलटं करून वरची बाजू खाली केली तरच बसेल, आणि तसं कपाट कोणी वापरत नाही.

याला आकृतीची दिशा म्हणतात, आणि ती तपासायची पद्धत सोपी आहे. त्रिकोणाच्या कोपऱ्यांवर अ, ब, क लिहा आणि अ पासून ब कडे, मग क कडे बोट फिरवा. बोट घड्याळाच्या काट्याच्या दिशेने गेलं की उलट, ते पाहा. मग प्रतिमेवर अ′, ब′, क′ असं बोट फिरवा. दिशा तीच असेल तर आकृती सरकवली किंवा फिरवली आहे. दिशा उलटली असेल तर परावर्तन किंवा ग्लाइड. परीक्षेत सगळ्यात आधी हे करा. दहा सेकंदांत चारांपैकी दोन पर्याय बाद होतात.

आलेखावरचे नियम पाठ करावे लागतात का?

पाठ केले तर परीक्षेपर्यंत टिकतात. तयार करायला शिकलात तर कायमचे.

(क्ष, य) हा बिंदू क्ष-अक्षात परावर्तित केला की (क्ष, −य) होतो, य-अक्षात केला की (−क्ष, य). इथे ठरलेली गफलत होते: ‘क्ष-अक्षात परावर्तन, म्हणून क्ष चं चिन्ह बदला.’ मुलांना सांगा, आरसा क्ष-अक्षावर आडवा ठेवलाय. आडव्या आरशात डावं-उजवं जागेवर राहतं, वर-खाली उलटतं. बदलणार तो य.

फिरवण्यासाठी दोनच बिंदूंवर लक्ष ठेवा: (१, ०) आणि (०, १). आरंभबिंदूभोवती घड्याळाच्या उलट दिशेने ९०° फिरवलं की (१, ०) जातो (०, १) वर, आणि (०, १) जातो (−१, ०) वर. यावरून कोणत्याही (क्ष, य) ची जागा ठरते: (−य, क्ष). घड्याळाच्या दिशेने फिरवलं तर (य, −क्ष). १८०° ला (−क्ष, −य). रेषा य = क्ष मध्ये परावर्तन केलं तर (य, क्ष), म्हणजे नुसती अदलाबदल. सरकवताना दोन्हींत ठरावीक संख्या मिळवायची.

आयसीएसईच्या दहावीत ‘आरंभबिंदूत परावर्तन’ असंही विचारतात, आणि त्याचं उत्तर (−क्ष, −य) येतं. नावात परावर्तन असलं तरी प्रतलात हे खरं तर १८०° फिरवणं आहे. दिशा तपासा, उलटत नाही. पुस्तकातलं नाव परीक्षेत जरूर लिहा, पण मनात ते फिरवण्याच्या खान्यात ठेवा.

फिरवलेली आकृती दिली आहे. केंद्र कसं शोधायचं?

इथे आधीच्या इयत्तेत शिकलेला लंबदुभाजक (दोन बिंदूंना जोडणाऱ्या रेषाखंडाच्या मध्यातून जाणारी लंब रेषा) कामी येतो, आणि मुलांच्या चेहऱ्यावर ‘अच्छा, तो यासाठी होता’ असं उमटतं. केंद्रापासून अ आणि अ′ समान अंतरावर असतात, कारण फिरताना केंद्रापासूनचं अंतर बदलत नाही. म्हणजे केंद्र अअ′ च्या लंबदुभाजकावर आहे. तसंच ते बब′ च्या लंबदुभाजकावरही आहे. दोन्ही काढा. छेदतील तो बिंदू केंद्र.

करून पाहू. अ(२, १), ब(५, १), क(५, ३). प्रतिमा अ′(२, ३), ब′(२, ६), क′(०, ६).

अ आणि अ′ एकाच उभ्या रेषेवर आहेत, मध्यबिंदू (२, २). म्हणून लंबदुभाजक ही आडवी रेषा य = २. आता ब(५, १) आणि ब′(२, ६): मध्यबिंदू (३.५, ३.५), आणि बब′ चा चढ −५/३. लंबाचा चढ ३/५. मध्यबिंदूपासून य = २ पर्यंत १.५ खाली उतरायचं आहे, म्हणजे डावीकडे २.५ जायचं. क्ष = १. केंद्र (१, २).

खात्री करायला तिसरा बिंदू वापरा. (१, २) पासून क(५, ३) हा ४ उजवीकडे, १ वर. क′(०, ६) हा १ डावीकडे, ४ वर. दोन्हींचं अंतर √१७. आणि अब आडवी होती, अ′ब′ उभी होऊन वर गेली, म्हणजे कोन ९०°, घड्याळाच्या उलट दिशेने. संपूर्ण उत्तर: केंद्र (१, २), कोन ९०°, घड्याळाच्या काट्यांच्या विरुद्ध दिशेने.

कधी कधी दोन्ही लंबदुभाजक एकाच रेषेत येतात. तेव्हा घाबरू नका, तिसऱ्या जोडीचा लंबदुभाजक काढा. १८०° असेल तर याहून सोपं: अअ′ चा मध्यबिंदूच केंद्र.

परावर्तनाचा आरसा शोधायचा असेल तर?

अअ′ चा लंबदुभाजक काढा. एकच पुरतो, पण दुसऱ्या जोडीने ताडून पाहा.

दोनदा परावर्तन केलं तर काय होतं?

इथे विषय खरा रंगतो. क्ष = २ आणि क्ष = ५ या दोन समांतर आरशांत एकामागोमाग परावर्तन करा. (१, ०) पहिल्या आरशात जातो (३, ०) वर, तिथून दुसऱ्या आरशात (७, ०) वर. म्हणजे ६ ने सरकला. आरशांमधलं अंतर ३ होतं, सरकला त्याच्या दुप्पट. दुसरा कुठलाही बिंदू घ्या, उत्तर ६ च येईल. आरशांचा क्रम उलटा केला तर तोच बिंदू ६ ने डावीकडे जातो. क्रमाने फरक पडतो हे मुलांनी स्वतः मोजून पाहावं.

आरसे समांतर नसतील, एकमेकांना छेदत असतील, तर दोन परावर्तनं मिळून फिरवणं होतं: केंद्र म्हणजे छेदनबिंदू, आणि कोन म्हणजे आरशांमधल्या कोनाच्या दुप्पट. घोडबंदर रोडवरच्या टॉवरमधल्या एखाद्या लिफ्टला मागे आणि बाजूला असे दोन आरसे असतील तर ते काटकोनात भेटतात. त्या कोपऱ्यात नीट पाहा. मधल्या प्रतिमेत टी-शर्टवरची अक्षरं सरळ वाचता येतात. ९०° च्या दुप्पट १८०°, म्हणजे ती प्रतिमा तुम्ही फिरून स्वतःकडे तोंड केल्यासारखी आहे, उलटलेली नाही.

आता पाचवा प्रकार का नाही, ते पाहू. समजा त्रिकोण अबक आणि त्याची प्रतिमा अ′ब′क′ दिली आहे. पहिला आरसा अअ′ च्या लंबदुभाजकावर ठेवा. अ जागेवर, म्हणजे अ′ वर आला. ब कुठेतरी गेला असेल, त्याला ब₁ म्हणू. दुसरा आरसा ब₁ब′ च्या लंबदुभाजकावर. यात ब पोहोचला ब′ वर. पण अ′ हलला का? नाही, कारण अ′ पासून ब₁ आणि ब′ सारख्याच अंतरावर आहेत (अंतरं टिकतात ना!), म्हणून अ′ त्याच आरशावर आहे, आणि आरशावरचा बिंदू हलत नाही. उरला क. तो एकतर क′ वर आलेलाच असेल, नाहीतर अ′ब′ या रेषेच्या पलीकडे असेल. पलीकडे असेल तर अ′ब′ वर तिसरा आरसा. काम झालं.

म्हणजे प्रतलातली कोणतीही रिजिड मोशन जास्तीत जास्त तीन परावर्तनांत होते. एक आरसा असेल तर परावर्तन. दोन असतील तर सरकवणं किंवा फिरवणं. तीन असतील तर ग्लाइड, नाहीतर साधं परावर्तन. यादी संपली. लंबदुभाजकाच्या प्रमेयापलीकडे यात काही लागलं नाही. हे मुलांना फळ्यावर सावकाश करून दाखवावं असं मला फार वाटतं. आठवड्याभराचा अभ्यासक्रम मागे पडला तरी चालेल.

ग्लाइड रिफ्लेक्शन कुठे दिसतं?

दिवाळीत दारापासून देवघरापर्यंत काढलेल्या लक्ष्मीच्या पावलांत. पावलं चालल्यासारखी, एक डावं आणि त्याच्या पुढे एक उजवं अशी काढली असतील, तर डाव्या पावलाचं परावर्तन करून ते थोडं पुढे सरकवलं की उजवं पाऊल मिळतं. पावलं जोडीने शेजारीशेजारी काढली असतील तर नुसतं परावर्तन पुरतं.

ओळखायचं कसं? अअ′, बब′, कक′ या सगळ्यांचे मध्यबिंदू काढा. दिशा उलटलेली असेल तर ते नेहमी एकाच रेषेत येतात, आणि ती रेषा म्हणजे अक्ष. अअ′ त्या रेषेला लंब असेल तर परावर्तन, तिरकी असेल तर ग्लाइड. (अअ′ अक्षावरच पडली तर ग्लाइडच.) शालेय अभ्यासक्रमात हा प्रकार बहुधा वगळलेला असतो. मला ते पटत नाही, कारण मग चौघांपैकी एक गायब होतो आणि ‘सगळ्या हालचाली’ असं म्हणताच येत नाही.

स्वस्तिकाला सममितीच्या रेषा किती? मुलाने चार लिहिलं, बाईंनी चूक दिलं.

बाई बरोबर आहेत. एकही नाही.

आकृतीची सममिती म्हणजे अशी रिजिड मोशन, जिने आकृती स्वतःवरच तंतोतंत बसते. चौरसाला अशा ८ आहेत: ४ फिरवण्याच्या (०°, ९०°, १८०°, २७०°) आणि ४ परावर्तनाच्या. स्वस्तिक ९०° ने फिरवलं की स्वतःवर बसतं, चार ठिपक्यांसकट. पण उभा आरसा धरला की हात उलट्या दिशेला वळतात. ट्रेसिंग पेपरवर काढा आणि कागद पालथा करून मूळ आकृतीवर ठेवा. बसत नाही.

याचा रोजचा पुरावा म्हणजे दुकानाच्या काचेच्या दारावर आतून चिकटवलेलं पारदर्शक स्टिकर. आतून बरोबर दिसलं तर बाहेरून उलटं स्वस्तिक दिसतं. मधला अधिक चिन्हासारखा भाग पाहून मुलं घाईने ‘चार’ लिहितात. अधिक चिन्हाला खरोखरच चार रेषा आहेत. घोटाळा तिथून होतो.

रांगोळी आणि साडीच्या काठाचा भूमितीशी संबंध आहे म्हणतात. म्हणजे काय?

काठावर एकच नक्षी पुन्हा पुन्हा सरकत जाते. तिच्यात आणखी कोणत्या रिजिड मोशन्स दडल्या आहेत यावरून काठांचे प्रकार पाडले, तर बरोबर ७ होतात. नक्षी मोर असो, कुयरी असो की वेलबुट्टी. एका पट्टीत न राहता दोन्ही दिशांना पसरणाऱ्या नक्षीचे, म्हणजे फरशीचे किंवा ठिपक्यांच्या सलग रांगोळीचे, प्रकार १७. हे १७ रशियन स्फटिकशास्त्रज्ञ फेदोरोव यांनी १८९१ मध्ये सिद्ध केले, आणि १९२४ मध्ये गणिती पोल्या यांनी स्वतंत्रपणे पुन्हा.

सलग पसरणाऱ्या नक्षीला फिरवण्याची सममिती २, ३, ४ किंवा ६ घड्यांचीच (म्हणजे एका पूर्ण फेरीत तितक्या वेळा नक्षी स्वतःवर बसते अशी) असू शकते. ५ ची नाही. म्हणून चौकटी ठिपक्यांवर किंवा त्रिकोणी ठिपक्यांवर रांगोळी जमते, पंचकोनी ठिपक्यांचा सलग गालिचा मात्र जमत नाही. पाच पाकळ्यांचं एकटं फूल मधे काढायला काहीच हरकत नाही, अख्खी नक्षी त्याभोवती पाच घड्यांत पुनरावृत्त होणार नाही एवढंच. गुढीपाडव्याच्या सुमारास ठाण्यातल्या गावदेवी मैदानावर भव्य रांगोळी काढली जाते, तेव्हा मुलांना घेऊन जा आणि तिच्या काठाची नक्षी पाहायला सांगा. चित्र सगळेच पाहतात.

याचा बाबाबा, बाकोबा यांच्याशी काय संबंध?

फार जवळचा. दोन आकृती एकरूप आहेत याचा अर्थच असा की एखादी रिजिड मोशन पहिलीला दुसरीवर नेऊन बसवते. कसोट्या हा त्याचा शॉर्टकट आहे: इतकी मापं जुळली की अशी हालचाल आहेच, शोधत बसू नका.

युक्लिडने इ.स.पू. ३०० च्या सुमारास बाकोबा सिद्ध केली, पहिल्या पुस्तकाच्या चौथ्या विधानात. ती करताना त्याने एक त्रिकोण उचलून दुसऱ्यावर ठेवला. पण त्रिकोण उचलला तर तो तसाच राहतो हे कशावरून, याला त्याच्याकडे नियम नव्हता. ही फट बरीच शतकं लोकांना खुपत राहिली. जर्मन गणिती हिल्बर्टने १८९९ मध्ये भूमितीची मांडणी नव्याने केली, तेव्हा बाकोबाचा गाभा सरळ गृहीतकातच घातला. दुसरा मार्ग उलट आहे: रिजिड मोशन्स गृहीत धरायच्या आणि बाकोबा सिद्ध करायची. वर तीन आरशांनी जे केलं तेच वापरून ती दोन मिनिटांत सिद्ध होते. अमेरिकेतल्या कॉमन कोअर अभ्यासक्रमाने हा मार्ग धरला आहे. आपल्याकडची पुस्तकं कसोट्यांपासून सुरुवात करतात. दोन्ही मार्ग चोख आहेत. मात्र १८७२ मध्ये जर्मन गणिती फेलिक्स क्लाइनने भूमितीकडे पाहण्याची जी दृष्टी दिली ती दुसऱ्या मार्गाच्या बाजूची होती: कोणत्या हालचाली मान्य आहेत ते आधी ठरवा, आणि त्यांत जे बदलत नाही त्याचा अभ्यास म्हणजे ती भूमिती.

आकृती मोठी-लहान करणं रिजिड मोशन का नाही?

अंतर बदलतं म्हणून. कोन टिकतात, त्यामुळे आकृती समरूप राहते, एकरूप नाही. स्टेशनजवळच्या झेरॉक्सवाल्याला ए-४ चं ए-३ करायला सांगा, तो मशीनवर १४१% दाबतो. लांबी √२ पट, म्हणजे साधारण १.४१ पट, आणि क्षेत्रफळ दुप्पट. लांबी दुप्पट केली तर क्षेत्रफळ चौपट होतं. हा फरक दहावीत समरूपतेच्या धड्यात हमखास लागतो.

आयजीसीएसईला ‘एकच ट्रान्सफॉर्मेशन पूर्णपणे सांगा’ असं येतं. काय काय लिहायचं?

प्रकाराचं नाव, आणि शिवाय: सरकवणं असेल तर सदिश (व्हेक्टर, म्हणजे आडवं किती आणि उभं किती सरकलं ते), परावर्तन असेल तर आरशाचं समीकरण, फिरवणं असेल तर केंद्र, कोन आणि दिशा ही तिन्ही, मोठं-लहान करणं असेल तर केंद्र आणि पट. १८०° ला दिशा लिहायची गरज नाही. एक मागितलं असताना ‘आधी फिरवलं, मग सरकवलं’ असं लिहू नका, गुण जातात. केंब्रिजच्या पेपरला ट्रेसिंग पेपर वापरता येतो. तो मागून घ्या, लाजू नका.

घरी कशाने सराव करावा?

ग्राफ पेपर, कंपास, गुण्या, ट्रेसिंग पेपर आणि एक छोटा चौकोनी आरसा. जिओजेब्रा हे सॉफ्टवेअर मोफत आहे आणि सुंदर आहे, पण आधी हाताने करा, मग त्यात. बोट धरून फिरवलेला ट्रेसिंग पेपर जे शिकवतो ते माऊसने शिकायला वेळ लागतो.

पुढे कुठे उपयोग होतो?

कॉम्प्युटर ग्राफिक्स आणि रोबोटिक्समध्ये रोज. त्रिमितीत फिरवणं आणि सरकवणं एकत्र आलं की स्क्रूसारखी हालचाल होते. तिच्यावरचं फ्रेंच गणिती मिशेल शाल यांचं प्रमेय १८३० चं आहे. त्याआधी १७७५ मध्ये स्विस गणिती ऑयलरने दाखवलं होतं की गोल जागच्या जागी कसाही फिरवला तरी त्याचा एक अक्ष जसाच्या तसा राहतो. नेरूळच्या स्टेडियममध्ये फुटबॉलचा सामना सुरू होताना चेंडू मध्यबिंदूवर होता आणि हाफ टाइमनंतर तोच चेंडू पुन्हा तिथेच ठेवला, तर त्याच्या पृष्ठभागावरचे किमान दोन बिंदू आधी होते तिथेच असतात.

आणि डाव्या-उजव्या फ्लॅटची गोष्ट औषधांतही येते. काही रेणूंची आरशातली जोडी असते, आणि शरीरात दोघांचा परिणाम सारखा नसतो. सर्दीवर डॉक्टर देतात ते लिव्होसेटिरिझिन म्हणजे सेटिरिझिनमधल्या दोन आरसारेणूंपैकी एकच वेगळा काढलेला.

माझं उत्तर मागच्या पानावरच्या उत्तराशी जुळत नाही. ते चूकच असेल का?

आधी आकृतीला स्वतःची सममिती आहे का ते पाहा. कोपऱ्यांना नावं दिली नसतील आणि आकृती सममित असेल, तर बरोबर उत्तरं अनेक असतात. (१, १), (३, १), (३, ३), (१, ३) हा चौरस (५, १), (७, १), (७, ३), (५, ३) वर न्यायचा आहे. पुस्तक म्हणेल, उजवीकडे ४ सरकवा. पण क्ष = ४ मध्ये परावर्तन केलं तरी तो तिथेच जातो. (४, २) भोवती १८०° फिरवला तरी जातो. (४, ४) भोवती घड्याळाच्या उलट दिशेने ९०° फिरवला तरी, आणि (४, ०) भोवती घड्याळाच्या दिशेने ९०° फिरवला तरीही. या पाच झाल्या. चौरसाला स्वतःच्या ८ सममिती आहेत, म्हणून अशा हालचालीही बरोबर ८ असतात. उरलेल्या तिन्ही ग्लाइड आहेत, आणि तिघींचे अक्ष (४, २) मधून जातात: एक आडवा, दोन ४५° ने तिरके.